दगडाखालचा कोळसा

ऐकायचं असेल तर मध्ये फोन बघायचा नाही. आणि चिमे, तू हसलीस तर तुलाच टॉर्च देऊन गल्लीच्या टोकापर्यंत पाठवीन. ही ऐकीव गोष्ट नाही. कचेरीत माझ्या शेजारी बसणाऱ्या मोजणीदाराची आहे, आणि तो फेकणाऱ्यातला नव्हता.

तर तो त्या रात्री घरातून निघाला तो पिशवीभर कोळसा आणि पहार घेऊन. फेब्रुवारीतला शेवटचा शनिवार. चंद्र अजून उगवायचा होता. हद्दीच्या दगडाखाली कोळसा पुरतात. तो कुजत नाही; उद्या कुणी दगड सरकवला तरी खरी जागा सापडते. दुपारच्या गडबडीत शेवटच्या दगडाखाली तो घालायचाच राहिला होता. सोमवारी कोर्टाला अहवाल द्यायचा, आणि कामात खोट राहिली की या गड्याला घास गिळत नसे.

जमीन दोन सख्ख्या भावांची. खटला इतका चालला की भावांचं सोडा, वकीलसुद्धा म्हातारे झाले. निकाल थोरल्याच्या बाजूने लागला. धाकटा एकटाच राहायचा, त्याची खोली नेमकी रेषेवर आली. म्हणजे ती पडणार. एकमेकांच्या बाजूला पाऊल टाकायचं नाही, अशी कोर्टाची मनाई तर दोघांनाही होतीच.

आमच्या कचेरीची एक रीत होती. दगड बसवताना दोन्ही पक्षांनी त्याला हात लावायचा, म्हणजे मागाहून कुरबुर नको. दुपारी थोरल्याने हात लावला. धाकटा आलाच नाही. मोजणीदाराने दार ठोठावलं. आतून कडी.

"राहू द्या हो साहेब," थोरला पलीकडूनच ओरडला. "रुसून बसलाय. लहानपणी पेरू छोटा मिळाला तरी असाच कोंडून घ्यायचा. भूक लागली की येईल बाहेर."

मोजणीदाराने 'गैरहजर' लिहिलं आणि पुढे गेला.

रात्री परत आला, तर दगडाशी कोणीतरी उकिडवं बसलेलं.

"काढताय?"

"नाही हो, खाली कोळसा राहिलाय. तुम्ही धाकटे ना? दुपारी का नाही आलात?"

 

"उठवेना."

मोजणीदाराने टॉर्च जमिनीवर ठेवली. पहारीने दगड कलता केला. एकट्याला पेलेना.

"धरा जरा."

"तुम्ही धरा. कोळसा मी घालतो."

दोन्ही हातांनी घातला. हळूहळू. मग दगड बसला, तशी त्याने त्यावर तळवे टेकले.

"दादाला सांगा... रेषा मला मान्य आहे."

"तुम्हीच सांगा की! समोर तर राहतात."

"मनाई आहे ना."

वारा नव्हता. कुत्रंही भुंकत नव्हतं.

"एक हाक मारली असती त्याने, तर..."

मोजणीदाराने टॉर्च उचलली.

समोर कोणी नव्हतं.

खोलीचं दार बंद. आतून कडी.

तो धावत थोरल्याकडे गेला, त्याला झोपेतून उठवलं, धापा टाकत सगळं सांगितलं.

"मान्य म्हणाला? तो?" थोरल्याचा चेहराच उतरला. चप्पलही न घालता तो निघाला. दगडाशी क्षणभर थबकला... आणि कित्येक वर्षांनी पलीकडे गेला.

"बाळ्या! ए बाळ्या, दार उघड रे. मी आलोय."

...

"बाळ्या, चिडलो नाही मी."

...

दोघांनी मिळून दार मोडलं.

मोजणीच्या आदल्या रात्रीच गेला होता, असं डॉक्टरांनी सकाळी सांगितलं. पुढे थोरल्याने ती खोली पाडू दिली नाही. पण ते सगळं नंतरचं. त्या घटकेला तो खाटेजवळ खाली बसला होता, आणि भावाच्या थंडगार मुठी एकेक बोट सोडवून उघडत होता.

मोजणीदाराने उजेड धरला.

दोन्ही तळवे काळे होते. कोळशाने.