घरात कोण कोण राहतं?

हे लग्न तुम्ही अडवलंय. दुसऱ्या कुणी नाही. ना आईने, ना पाद्र्याने, ना गल्लीतल्या जिभांनी. तुम्ही! पत्राखाली ज्यांचं नाव नसतं, नुसता शिक्का असतो. ज्यांना फोन लावला की गाणं लागतं आणि माणूस लागत नाही.

त्या गाण्यापासूनच तर सगळं सुरू झालं.

जानेवारी होता. डोन्ना गावाभोवतीचे उसाचे फड पेटवलेले, आणि आभाळातून काळी राख भुरभुरत होती. टेक्सासच्या या टोकाला बर्फ पडत नाही, ही पडते. ओराल्या काम्पोस लॉन्ड्रीत बसली होती. मांडीवर मुलांच्या सरकारी विम्याचा अर्ज, कानाशी फोन. तिच्या सहा वर्षांच्या याडिराला दमा. विमा संपायला चार दिवस राहिलेले. कार्ड असलं की दम्याचा पंप चार नाण्यांत मिळतो. नसलं की त्याच पंपाला आठवड्याची मजुरी जाते. फोनवर गाणं वाजत होतं आणि ओराल्याचा पाय स्वतःहून हलत होता. गाण्यावर नाही, चिडून.

"अहो बाई, जरा सरकता का? मागचा ड्रायर खोलायचाय."

"नाही सरकत. इथून हलले की रेंज जाते. आणि चार्जिंग उरलंय चार टक्के."

तो उंच, खांद्यावर राखेचे ठिपके, हातात पाना. त्याने नऊ नंबरच्या ड्रायरचा प्लग उपसला, खिशातून स्वतःची वायर काढली आणि तिचा फोन तिथे जोडला.

"नऊ नंबर तसाही मेलाय. त्याच्या जागी तुमचा फोन जगू दे. किती वेळ झाला?"

"त्रेपन्न मिनिटं."

"म्हणजे गाणं पाठ झालं असेल. यावर नाचता येतं, ठाऊक आहे? बघा... एक, दोन, तीन—"

"मी तुम्हाला ओळखत नाही."

"सरकारला तरी कुठे ओळखता? त्याच्यासाठी बसलात ना तासभर?"

ती हसली. कित्येक दिवसांनी. मग काय झालं ते तिलाही कळलं नाही... साबणाच्या वासात, फिरत्या यंत्रांच्या मधल्या बोळात, सरकारी गाण्यावर चार पावलं पडली. तेवढ्यात फोनवर बाई बोलली, "हॅलो?" ओराल्याने त्याचा हात सोडला. पण एका श्वासाइतका उशिरा.

त्याचं नाव एलिसेओ गार्सा.

त्यानंतर दर शनिवारी नऊ नंबर बिघडायचा.

"अजून मेलेलाच का हो तुमचा ड्रायर?"

"शुक्रवारपर्यंत धडधाकट असतो. तुमची टोपली दिसली की जीव सोडतो."

उन्हाळ्यात 'अहो'चं 'अरे' झालं, त्याचेही शर्ट तिच्या टोपलीत आले आणि रविवारी तो तिच्या अंगणात मांस भाजू लागला. राहायचा मात्र भावाच्या मागच्या खोलीत, पलीकडच्या गावात. आता आमच्या गल्लीत बाईच्या दारात दर रविवारी एकच ट्रक उभा राहिला, की त्याला नाव द्यावं लागतं. ओराल्याच्या आईने, दोन्या चोनाने, ते देऊन टाकलं. कुंपणापलीकडून कुणी मान उंचावली की म्हणायची, "माझा जावई!"

"आई! लग्न कुठे झालंय?"

"होईल गं. आधी लोकांची तोंडं तरी बंद होऊ देत."

एलिसेओ कानापर्यंत लाल व्हायचा आणि निखारे फुंकत बसायचा.

ऑक्टोबरात, जानेवारीत वाढवून मिळालेल्या कार्डाच्या चौकशीला, तुमचा फोन आला. बरोबर ओराल्या कामावर, मोसंबी भरायच्या शेडमध्ये असताना. दोन्या चोनाने उचलला. तुम्ही विचारलंत, घरात कोण कोण राहतं? गल्लीला एक आणि सरकारला एक सांगेल, अशी बाई नाही ती. म्हणाली, "मी, माझी मुलगी, नात... आणि जावई. यंत्रं दुरुस्त करतो. सोन्याचे हात आहेत हो त्याचे!"

तीन आठवड्यांनी पत्र आलं. कुटुंबाची कमाई मर्यादेपेक्षा जास्त. विमा बंद.

"हात सोन्याचे सांगितलेस ना?" ओराल्याने पत्र आईपुढे आपटलं. "घे! वजन केलं त्यांनी सोन्याचं!"

म्हातारी पदराने नाही, हाताच्या पालथ्या बाजूने डोळे पुसत राहिली. बाहेर फड पुन्हा पेटले होते. याडिराच्या पंपावरचा आकडा एकोणीस दाखवत होता. एकोणीस दाब. संपले की संपले.

त्या संध्याकाळी एलिसेओ आला तो धुतलेला शर्ट घालून. ओराल्या स्वयंपाकघरात खिडकी ते दार, दार ते खिडकी फिरत होती. त्याने खिशात हात घातला... चाचपला... आणि पांढराफटक पडला. हात तसाच रिकामा बाहेर आला.

"आज तुला काही विचारणार होतो—"

"नको विचारूस. लग्न केलं की तुझी कमाई त्यांच्या कागदावर येते आणि पोरीचं कार्ड कायमचं जातं."

"खासगी विमा काढू."

"चौकशी केलीस?"

त्याने बुटांकडे पाहिलं. "केली. ट्रक विकला तरी सहा महिनेच निघतील."

ओराल्या खिडकीशी थांबली. मग तीच म्हणाली, "रविवारी ये. फक्त ट्रक कोपऱ्यावर लाव."

"चोरासारखा?"

"चोरासारखा."

सोमवारी पुन्हा लॉन्ड्री, नऊ नंबर, तेच गाणं. याडिरा एलिसेओच्या मांडीवर झोपली होती. तोंड उघडं, बारीक शीळ वाजणारा श्वास. त्याचा तळवा तिच्या पाठीवर, प्रत्येक श्वास मोजत. अखेर फोनवर बाई आली.

"एलिसेओ गार्सा तुमचे पती?"

"नाही."

"तुमच्या घरी राहतात?"

"नाही."

"मुलीचे कोण लागतात?"

ओराल्याने त्या तळव्याकडे पाहिलं.

"कोणी नाही."

तळवा क्षणभर थांबला. मग पुन्हा चालू लागला.

"ठीक. दुरुस्ती केली. बारा महिने कार्ड चालू राहील."

फोन बंद झाला. एलिसेओने मान वर केली नाही. "बरोबर बोललीस," एवढंच म्हणाला.

"खोटं बोलले. दोन खरी आणि तिसरं खोटं. लागतोस तू, तिचाही आणि माझाही... त्या संध्याकाळचं विचार ना आता."

"कसं विचारू? हरवली ती. आठवडाभर ट्रक उलटापालटा करतोय—"

"धुण्याआधी मी खिसे तपासते, वेड्या."

तिने गळ्यातली साखळी ओढली. शर्टाच्या आतून अंगठी वर आली, अंगाने कोमट झालेली.

"म्हणजे... हो?"

"आठवडाभर हो आहे. तुलाच कळेना!"

अंगठी अजून गळ्यातच आहे. बोटात घालत नाही, कारण बोटं तुम्हाला दिसतात. ट्रक कोपऱ्यावर लागतो. दोन्या चोना हल्ली कुंपणाशी जाऊन 'जावई' म्हणत नाही, ओठ चावते.

बारा महिन्यांनी तुम्ही पुन्हा विचाराल, घरात कोण कोण राहतं. ओराल्याने काय लिहायचं? नवरा, की पोरीचा श्वास? पत्र पाठवू नका, शिक्का मारू नका. फोन चार्जिंगला लावलाय, गाणं आम्हाला पाठ आहे. आम्ही थांबलोय.

बोला.