कापडराखीण

खट्ट.

दुपारच्या सामसूम घरात आवाज एवढासाच झाला, पण पलंगावर कलंडलेल्या गोदाबाई दचकून उठून बसल्या. पाळण्यातलं बाळ मात्र हललं नाही.

"कशाचा आवाज झाला गं, कावेरी?"

"कडीचा, आत्या." कावेरी सासूला आत्या म्हणे.

"कसली कडी?"

"दाराची. लावली मी."

गोदाबाई सुनेकडे बघत राहिल्या. नव्या तेरमधल्या दारांना कड्या असत, पण त्या आपल्या सुतारांच्या सवयीमुळे. त्या लावल्यावर कसा आवाज होतो हे गोदाबाई विसरूनही गेल्या होत्या. "वारं सुटलंय का?" त्यांनी विचारलं. दार लावायला दुसरं कारण त्यांना सुचेना.

"वारं नाही सुटलं. तो माणूस परत आला तर?"

"चादरीवाला? अगं, मग चहा टाकू की! सकाळी बिचारा तुझ्या ओरडण्यानं पार घाबरून गेला."

कावेरीने कडी पुन्हा चाचपून पाहिली. कोपऱ्यात तिची पाच वर्षांची लेक मिहिका खडूने फरशीवर हत्ती काढत बसली होती. सकाळपासून कावेरीने तिला उंबऱ्याबाहेर पाऊल टाकू दिलं नव्हतं.

सकाळी घडलं ते असं. सव्वा महिना पुरा व्हायला अजून दोनतीन दिवस होते, म्हणून बाळंतीण खिडकीशी बाजेवर पडून होती. गल्लीत एक परका माणूस आला. खांद्यावर चादरींचं गाठोडं होतं. त्याने मिहिकाला काहीतरी विचारलं, तिने हात पुढे केला आणि दोघं एसटी स्टँडच्या दिशेने निघाली. बागवानचाचा दारात बसून लसूण सोलत होते. "कुठं निघाली स्वारी?" त्यांनी कौतुकाने विचारलं. "जरा फिरवून आणतो," तो माणूस म्हणाला. "आणा, आणा," चाचा म्हणाले. मिहिकाने एकदाही मागे वळून पाहिलं नाही. ती न वळलेली मान बघूनच कावेरी उठली. ती अनवाणी, डोक्याचा रुमाल सुटलेला, तशीच ओरडत धावली. माणसाने हात सोडला, गाठोडं सावरलं आणि उभ्या असलेल्या गाडीत चढला. त्याचं नाव कुणी विचारलं नव्हतं. कदाचित तो खरंच फिरवून आणणार असेल. कदाचित नसेलही. पण हा 'कदाचित' अख्ख्या गल्लीत कावेरीखेरीज कुणाच्या मनात आला नाही.

"बाळंतपणात मन हळवं होतं बघ," गोदाबाई समजुतीने म्हणाल्या. "धनंजय गिरामबाईंना घेऊन यायलाय. त्या बघतील."

धनंजय म्हणजे कावेरीचा नवरा, आणि डॉक्टर अनसूया गिराम म्हणजे स्नानालय उभारणाऱ्या बाई.

त्या स्नानालयाशिवाय नवं तेर वसलंच नसतं. पाऊस असा रुसला की घरोघरी न्हाणीघर ठेवणं सरकारला परवडेना. पिण्याचं पाणी मोजून घरी येई, आणि आंघोळीला सगळा गाव एकाच ठिकाणी जाई. बांधणी थेट जुन्या रोमची. दोन हजार वर्षांपूर्वी तेरचं, म्हणजे तेव्हाच्या तगरचं, सुती कापड भडोच बंदरातून रोमन लोकांपर्यंत पोचत असे. आता तिकडचं काहीतरी इकडे आलं होतं. आधी कपडे उतरवायची खोली, मग थंडघर, मग कोमटघर, आणि शेवटी घुमटाखालचं ऊनघर. ऊनघराची फरशी हातदीडहात उंचीच्या विटांच्या खांबांवर तोललेली. खालच्या पोकळीतून गरम हवा फिरे आणि भिंतींतल्या पोकळ खापरांमधून वर चढे, त्यामुळे पायांना फरशी उबदार लागे आणि भिंतीला पाठ टेकली तर शेक मिळे. तेच पाणी गाळून, शुद्ध करून पुन्हा येई. सगळा गाव तिथे उघडाबोडका, गप्पा मारत, एकमेकांच्या पाठी चोळत बसे. कुणी कुणाशी भांडत नसे.

कावेरीही रोज जायची. मिहिकाला तर ती पाळण्यातली असल्यापासून न्यायची. मग आत्ताच हे काय झालं होतं?

डॉक्टर गिराम आल्या तेव्हा दाराला कडी होती. त्यांनी दार ढकललं, ते उघडलं नाही, तेव्हा टकटक केली. कावेरीने कडी काढली. साठीच्या, बारीक अंगाच्या बाई. अंगाला अत्तराचा भपकारा. कावेरीचं लक्ष गेलं ते त्यांच्या पिशवीकडे. गावात कुणीही आल्या आल्या पिशवी कुठेही टाकून देई. बाईंनी ती मांडीवर घेतली आणि बंद मनगटाला गुंडाळला.

"धनंजय, तू आणि आई जरा बाळाला घेऊन ओसरीवर बसता का?" बाई म्हणाल्या. ती दोघं हसतमुखाने गेली. मिहिकाचा हत्ती अजून पुरा व्हायचा होता.

"आंघोळीचं पाणी स्नानालयातूनच येतं ना तुला? बाळंतिणीसाठी आम्ही पाठवतो ते?"

"येतं. पण येईस्तोवर कोमट होतं. आत्या म्हणतात बाळंतिणीला कढत पाणी पाहिजे. मग त्या कडुनिंबाचा पाला टाकून चांगलं उकळतात, आणि निववून घालतात."

"खळखळ उकळतात?"

"खळखळ."

बाईंनी कपाळाला हात लावला आणि हसल्या. "मिहिकाच्या वेळी?"

"तेव्हा वैशाख होता. उकळायची गरजच नव्हती."

"तरीच. सासूच्या मायेपुढे माझं सगळं शास्त्र वाफ झालं म्हणायचं. स्नानालयाच्या दारात एक पाटी आहे. वाचली आहेस कधी?"

"रोज. पाण्यात विश्रंभ मिसळलेला आहे म्हणून लिहिलंय." बोलता बोलताच कावेरी थबकली. विश्रंभ म्हणजे भरवसा, हे तिला शाळेपासून ठाऊक होतं. मग भरवसा पाण्यात कसा मिसळतात, हे तिने इतक्या वर्षांत एकदाही का विचारलं नव्हतं?

"बघ," बाई म्हणाल्या. "आम्ही काही लपवलं नाही. लपवायची गरजच पडली नाही. आपल्या मेंदूत बदामाएवढा एक भाग असतो. परका माणूस दिसला की तो आधी जागा होतो आणि विचारतो, हा कोण, हा काय करेल? विश्रंभ वाफेबरोबर नाकातून शिरतो आणि त्या बदामाला दिवसभर झोपवून ठेवतो. दुसऱ्या दिवशी पुन्हा आंघोळ, पुन्हा झोप. पण तो रेणू नाजूक आहे. पाण्याला उकळी फुटली की तुटतो. तू महिनाभर कोरडी आहेस, कावेरी. तू आजारी नाहीस. तू जागी आहेस."

कावेरीला रडू फुटलं. महिनाभर सगळे तिला कुरवाळत होते आणि तिला मात्र प्रत्येक कुरवाळणाऱ्या हातामागे काहीतरी दिसत होतं. त्यावर कुणीतरी पहिल्यांदाच 'तू आजारी नाहीस' म्हटलं होतं. पण मग लगेच तिच्या मनात आलं, ही बाई तरी मला हे का सांगतेय?

"का मिसळलंत?" तिने विचारलं.

"रोमन लोकांनी सगळं बांधलं. घुमट बांधले, नळ टाकले, फरशीखाली ऊब खेळवली. एक गोष्ट त्यांना जमली नाही. न्हाणाऱ्यांचे कपडे चोरीला जात. इंग्लंडात त्यांचं एक ऊन पाण्याचं देवस्थान आहे. तिथल्या कुंडात शिशाचे पत्रे सापडले, शंभराहून जास्त. त्यावर लोकांनी देवीला गाऱ्हाणी घातली आहेत. माझा अंगरखा ज्यानं नेला, मग तो पुरुष असो की बाई, गुलाम असो की मोकळा, त्याची झोप उडव. काहींनी तर संशयितांची नावंच देऊन टाकलीत. एका पाण्यात बसून सगळे एकमेकांवर संशय घेत होते."

"म्हणजे चोऱ्या थांबवायला..."

"चोऱ्यांचं काय घेऊन बसलीस! पाण्यावरून आपल्याकडे काय काय झालंय ते तूही शिकली आहेस. पहिल्या वर्षी या स्नानालयात माणूस उतरेना. आधी कोण उतरणार, कुणाच्या नंतर कोण उतरणार, कुणाच्या अंगाचं पाणी कुणाला लागणार. वेगळ्या वेळा द्या, वेगळे हौद करा. शेवटी दगडफेक झाली. पाणी एकच होतं, आणि ते वाटून घेतलं नसतं तर गाव उठलं असतं. मी विश्रंभ घातला. आठवड्यात सगळे एकत्र बसायला लागले."

कावेरीला स्वतःचं लग्न आठवलं. तिचं आणि धनंजयचं लग्न एरवी होणारं नव्हतं. दोन घरांमध्ये पिढ्यान्‌पिढ्या पाणीसुद्धा चालत नव्हतं. तिच्या वडिलांनी होकार दिला तो कोमटघरात, धनंजयच्या वडिलांची पाठ चोळता चोळता. ही गोष्ट घरात किती हसून सांगितली जाई!

"माझ्या बाबांचा होकार," ती हळूच म्हणाली, "तो बाबांचा होता की पाण्याचा?"

"ते मलाही सांगता येणार नाही."

"आणि ही?" कावेरीने मिहिकाकडे बोट केलं. "आमचा बदाम आधी जागा होता, मग तुम्ही झोपवलात. हिचा कधी जागाच झाला नाही. सकाळी ती मागे वळलीसुद्धा नाही हो! उद्या कुणी नेलं तर सगळी गल्ली हात हलवून निरोप देईल."

बाईंनी पहिल्यांदा मान खाली घातली. "म्हणून तर मी आंघोळ करत नाही. कित्येक वर्षं झाली. ओल्या फडक्यानं अंग पुसते आणि वर हे अत्तर. रोममध्ये कपड्यांच्या खोलीत एक गुलाम बसायचा. सगळे न्हायचे, तो कोरडा राहून राखण करायचा. कापडराखा म्हण. असा एक तरी माणूस प्रत्येक गावाला लागतो. कोण आलं, कोण गेलं, कुणाच्या पिशवीत काय आहे, हे बघणारा. आजवर ते मीच करत आले. आता डोळे साथ देत नाहीत. आज सकाळी मी स्टँडवरच होते, कावेरी, आणि मला तो माणूस दिसला नाही."

"मग?"

"तू बस माझ्या जागी. नाहीतर परवा सव्वा महिना झाला की ऊनघरात ये. एका आंघोळीत हे सगळं विसरशील. म्हणजे आठवेल, पण टोचणार नाही. बाळाला पाजताना पुन्हा पूर्वीसारखं शांत वाटेल."

"आणि कोरडी राहिले तर?"

"तर कुणाकडेच पहिल्यासारखं बघता येणार नाही. घरच्यांकडेसुद्धा."

त्या गेल्यावर धनंजय आत आला आणि तिच्या डोक्यावरून हात फिरवत म्हणाला, "कावू, तुला वाटतं तसं कर. माझा तुझ्यावर भरवसा आहे." एरवी या वाक्याने ती विरघळली असती. आता तिला ते वाक्य उकळून बघावंसं वाटलं.

सव्वा महिना झाला त्या दिवशी सगळं घर स्नानालयात गेलं. गोदाबाईंनी बाळाला मऊ दुपट्यात गुंडाळून थंडघराच्या दाराशी नेलं आणि हात पुढे केला. "चल, बाळंतिणी." कावेरीने दुपट्यात नाक खुपसून बाळाचा वास घेतला. त्याच्या मुठी घट्ट मिटलेल्या होत्या. त्याला अजून चालता येत नव्हतं. कुणाचा हात धरून निघून जायचं वय यायला अवकाश होता. तिने त्याला जाऊ दिलं.

"मी आणि मिहिका बाहेर बसतो, आत्या," ती म्हणाली आणि कपड्यांच्या खोलीतल्या दगडी बाकावर जाऊन बसली.

तेव्हापासून ती जागा तिची झाली. लोक तिला हसून कपडे सोपवत आणि ती त्या प्रत्येक हसण्याकडे निरखून बघे. बागवानचाचांच्या सदऱ्याचा खिसा फुगलेला का आहे? पाटलांची सून आज दोनदा आत का गेली? एकदा बाहेरगावच्या एका पाहुण्याच्या पिशवीत तिला दुसऱ्याच कुणाच्या बांगड्या मिळाल्या. त्या तिने काढून घेतल्या आणि त्याला गाडीत बसवून दिलं. ज्या बाईच्या होत्या ती म्हणाली, "अगं, त्याला लागत असतील!" धनंजय न्हाऊन, केस निथळत बाहेर येई, तिच्याकडे बघून गोड हसे, आणि कावेरी त्या हसण्यातही काहीतरी शोधत बसे. रात्री बाळाला पाजताना तेवढी ती स्वतःला दटावून डोळे मिटून घेई.

हे सगळं तिने मिहिकासाठी पत्करलं होतं. पोर रोज तिच्याजवळ कोरडी बसे आणि कावेरी तिला हळूहळू शिकवी. कुणी बोलावलं तर लगेच जायचं नाही. कुणी खाऊ दिला तर आधी विचारायचं, का देतोस? कुणी काही सांगितलं तर लगेच खरं मानायचं नाही. आधी मिहिका नुसती हसायची. हा तिला खेळ वाटे. मग एक दिवस तिने आपले खडू उशीखाली लपवले. एक दिवस बागवानचाचांनी पुढे केलेलं बिस्किट तिने घेतलं नाही, त्यांच्या तोंडाकडे बघत राहिली. कावेरीला इतका आनंद झाला की तिने लेकीला छातीशी आवळलं. लेकराचा बदाम जागा होत होता. आता हिला कुणी नेऊ शकणार नाही.

त्याच आठवड्यात एका दुपारी खोलीत दोघीच होत्या. आतून हसण्याचे, पाणी उडवण्याचे आवाज येत होते. मिहिकाच्या वयाची पोरं आत मासोळीसारखी पोहत होती. कावेरीने मिहिकाचा हात हातात घेतला होता. पोर बराच वेळ दाराकडे बघत होती, आणि मग तिने मान वळवून आईकडे बघितलं. तशा नजरेने तिने यापूर्वी कधी बघितलं नव्हतं.

"आई, बाबा म्हणतो पाणी चांगलं आहे."

"म्हणू दे."

"आजी म्हणते तू आजारी आहेस. म्हणून मला न्हाऊ देत नाहीस."

"तसं नाही गं, राणी. मी तुला जपतेय."

"पण तू म्हणालीस ना, कुणी काही सांगितलं तर लगेच खरं मानायचं नाही?"

"हो. अगदी बरोबर," कावेरी कौतुकाने म्हणाली.

मिहिकाने हळूच आपला हात सोडवून घेतला. बाकावर ती थोडी पलीकडे सरकली, वीतभरच, आणि आईच्या चेहऱ्यावर नजर रोखून तिने विचारलं,

"मग तुझं कसं मानू?"