अभिमनने भरलेल्या बांगड्या

"सहज फुटतील अशा बांगड्या हव्यात... हिरव्या," तो म्हणाला, आणि माझ्या सासूबाई झुंबरबाई गादीवरून ताडकन उठल्या.

"फोडाले बांगड्या? आठे नही भेटत! जाय!"

"अक्का, सिनेमानं काम शे. खरं नही."

धुळ्यातल्या आमच्या दुकानात मी मागच्या अंधारात बसून माल निवडत असे. नवरा गेल्यापासून गिऱ्हाइकांना बांगड्या भरायची मला बंदी होती. विधवेच्या हातून कोण भरून घेणार? पण त्या आवाजाने मान वर गेली, आणि मी बोलून बसले, "अय्या, तुम्ही तर मरता ना सिनेमात!"

तो हसला. काय गोड हसला! "कुठल्या? मला सगळ्यांतच मारतात."

नाव अभिमन, भडगावचा. पडद्यावर दर वेळी मध्यंतराआधी मरायचा. एकदा पाचोऱ्याच्या थिएटरात त्याच्या आईने असा हंबरडा फोडला की त्याने तोंडाला रंग लावणंच सोडलं. आता तो युनिटचं सामान, गाड्या, जेवणखाण बघायचा.

"पडद्यामागे बरं वाटतं?" मी विचारलं.

"तुम्हाला वाटतं?"

असलं विचारतात का कुणाला? मला भारी राग आला, आणि दिवसभर दुसरं काही सुचलं नाही.

दुसऱ्या दिवशी सासूबाई देवळात गेल्या असताना तो पुन्हा आला... दोन्ही हात कोपरापर्यंत वस्तऱ्याने गुळगुळीत केलेले! मला हसू आवरेना. तो मात्र हसत नव्हता.

नायिका विधवा होते तो प्रसंग देवपूरला, पांझरेकाठी घ्यायचा होता, तो सांगू लागला. नटीचं लग्न ठरलेलं. ती बांगड्या फोडेना. तिच्याऐवजी हात द्यायला गावातली कुठलीच बाई राजी होईना. तेव्हा दिग्दर्शक म्हणाला होता, "त्या दुकानातली विधवा आण. तिचं आता आणखी काय वाईट व्हायचंय?"

"मग?"

"मी म्हटलं, तिचे हात मिळणार नाहीत. माझे घ्या." त्याने हात पुढे केले. "भरा."

मी त्याचा पंजा दाबला, अंगठा आत वळवला. किती दिवसांनी कुणाचा हात असा हातात आला होता! एकेक बांगडी चढवताना डोळे भरून आले.

"दुखतंय?" मी विचारलं.

"नाही... सावकाश भरा. खूप सावकाश."

संध्याकाळी नदीकाठी अख्खं देवपूर लोटलं होतं. सासूबाईंबरोबर मीही गेले. अभिमनने दगडावर हात आपटले. काच मनगटात घुसली, रक्ताची धार लागली. दिग्दर्शक खूश झाला. दुकानातल्या बांगड्या सासूबाईंनी लांबूनच ओळखल्या.

"देख, नर्मदा, तुना हातना गुण!"

मलाही तेच वाटत होतं. रुमाल गुंडाळून तो गाडीकडे निघाला, तशी मी त्याला गाठलं. "माझ्या हातातच दोष आहे. तुम्ही जा."

"मी इतक्यांदा मेलोय, नर्मदा. तुझ्या हाताने आणखी काय व्हायचंय?" मग थट्टा सोडून तो म्हणाला, "मला तू हवी आहेस. येशील?"

"येईन," मी म्हटलं. मागे सासूबाई मटकन वाळूत बसल्या.

"पोऱ्या गया... आते तू बी चालनी?"

त्यांनी शिव्या दिल्या असत्या तर सोपं गेलं असतं. मला त्यांची दया आली, खूप आली. मी त्यांना उठवलं, लुगड्याची वाळू झटकली, शेजारच्या लीलाबाईंबरोबर रिक्षात बसवलं. त्यांनी माझ्यासाठी जागा केली, पदर आवरून, कडेला सरकून.

मी अभिमनच्या गाडीत जाऊन बसले. त्या हाका मारत होत्या. मी दार लावून घेतलं.