रामेश्वरापुढची नऊ पानं

ही गोष्ट खरी आहे. ज्यांना खोटी वाटेल त्यांनी सावद्याला जाऊन कामिनीला विचारावं. ती सांगणार नाही, ते वेगळं.

मागच्या वर्षीचा मे महिना. एकोणीस तारीख, दुपारचे तीन. रात्र नव्हती, अमावस्या नव्हती, पिंपळबिंपळ काही नव्हतं. ऊन असं की केळीची पानंसुद्धा माना टाकून होती.

कामिनी गावातल्या वाचनालयात कामाला. ग्रंथपाल म्हणा, झाडूवाली म्हणा, सगळं एकच. दुपारी वाचनालय बंद झालं की ती बेबाबाई अक्कांना पुस्तक वाचून दाखवायला जायची. अक्का ब्याऐंशी वर्षांच्या. काचबिंदूनं दोन्ही डोळे गेलेले. मुलगा चुडामण दिवसभर केळीच्या बागेत, सून लताबाई घरकामात. आणि अक्कांना एकच वेड...

काशी.

एकदा तिकिटंही काढून झाली होती. निघायच्या चार दिवस आधी वादळ आलं, बाग आडवी झाली, काशी राहिली. मग नवरा गेला. मग डोळे गेले.

वाचनालयात काशीवरची चार जाडजूड पुस्तकं होती. एक इतिहासाचं, एक देवळांचं, एक तिथल्या रीतीभातींचं. चौथं पंचक्रोशीचं. काशीभोवती अनवाणी चालून पाच मुक्कामांची प्रदक्षिणा घालतात. तिची सगळी वाट त्यात देऊळ न् देऊळ, विहीर न् विहीर लिहिलेली. पहिली तीन पुस्तकं अक्कांनी सहा महिन्यांत ऐकून संपवली. चौथं उघडलं तेव्हा म्हणाल्या, "हे नुसतं आयकाचं नही वं. हे चालाचं."

तळहातावर पाणी घेऊन त्यांनी संकल्प केला. चपला खाटेखाली सरकवल्या. खाटेवर बसून दोन्ही पाय फरशीवर टेकवले.

"आता ने मले."

चुडामण दारातून हसला. "घरबसल्या काशी! ना गर्दी, ना धक्के."

अक्का हसल्या नाहीत.

आपल्याकडे गोष्ट ऐकणारा हुंकारा देतो. हुंकारा बंद झाला की सांगणाऱ्यानं थांबायचं, ऐकणारा झोपला असं समजायचं. अक्का प्रत्येक वाक्याला हुंकारा द्यायच्या. "हूं..." आणि मागोमाग घशात एक बारीक खाकरा. मुक्काम आला की पाय वर घ्यायच्या आणि पोटऱ्या चोळत बसायच्या. दमलेल्या दिसायच्या, खरोखर दमलेल्या.

कर्दमेश्वर झालं. भीमचंडी झाली. तिसऱ्या दिवशी रामेश्वर आलं. दक्षिणेतलं नव्हे, काशीच्या वाटेवरचं, वरणा नदीच्या काठचं.

चौथा दिवस म्हणजे ही एकोणीस तारीख. पुढचा मुक्काम शिवपूर.

त्या दिवशी कामिनीला घाई होती. नणदेच्या मुलीचा साखरपुडा होता, भुसावळला. साडेतीनची बस. आणि समोर नऊ पानं नुसत्या कंटाळ्याची. कुठल्या धर्मशाळेचा ओटा कुणी बांधला, कुठल्या विहिरीवर कसला शिलालेख. म्हातारीला काय कळतंय, असं तिच्या मनात आलं. नऊ पानं तिनं एकदम उलटली आणि शिवपूरच्या वेशीपासून वाचायला लागली.

हुंकारा आला नाही.

तिनं आणखी एक वाक्य वाचलं.

नाही...

"अक्का?"

अक्कांचे पाय फरशी चाचपत होते. डावीकडं... उजवीकडं...

"वाट कुठी गेली वं? आता तं नदी होती. मांगे जाय."

"बरोबर आहे अक्का. पुढचंच वाचतेय."

"नही वं... मले अठी कोनीच दिसत नही."

दोन्ही डोळे गेलेली बाई असं म्हणाली. कामिनीच्या अंगावर सरसरून काटा आला. पण डोळ्यापुढं बस होती. "उद्या परत वाचते," म्हणाली आणि निघाली.

साखरपुड्यात ताट पुढ्यात असतानाच फोन वाजला.

अक्का गेल्या.

पडल्या नाहीत, कण्हल्या नाहीत. खाटेवर बसलेल्याच सापडल्या, पाय खाली टेकलेले. आणि तळव्यांना ओला गाळ होता... नदीकाठी असतो तसा. मे महिन्यात, फरशीच्या घरात. लताबाईनं तो मुकाट्यानं पुसला. कामिनीशिवाय कुणाजवळ बोलली नाही.

तेरावं झाल्यावर कामिनी पुस्तक घेऊन त्याच खोलीत बसली. "राहिलेलं तेवढं वाचते," एवढंच लताबाईला म्हणाली. नऊच्या नऊ पानं वाचली. प्रत्येक वाक्यानंतर थांबली.

पंख्याची करकर ऐकू आली. बाहेर टेम्पो गेल्याचं ऐकू आलं.

हुंकारा नाही.

अक्का तिथं नव्हत्याच. मग होत्या कुठं?

ते कळलं चौदा जूनला, सकाळी अकराच्या सुमाराला, वाचनालयात.

तोताराम आबा पेपर वाचत बसले होते. आबा मूळचे धुळ्याकडचे, रेल्वेतून निवृत्त होऊन सावद्याला मुलाकडं आलेले. पेपर मोठ्यानं वाचायची खोड. बाकीचे लोक त्यांना आकाशवाणी म्हणायचे आणि ते वाचायला लागले की एकेक करून उठून जायचे. त्या दिवशीही खोलीत आबा आणि कामिनी, दोघंच. आबा रेल्वेची बातमी वाचत होते. रुळांच्या कामामुळं पॅसेंजरची वेळ बदलली, गाडी पुढील स्थानकांवर थांबेल...

"वरणगाव."

"हूं..."

कामिनीच्या हातातलं फडकं थांबलं.

"आचेगाव."

"हूं..." आणि मागोमाग बारीक खाकरा.

आबांनी चष्म्यावरून पाहिलं. "कोन शे माय तठे? हुंकारा कोन दी ऱ्हायनं?"

आबांना वाटलं कामिनी थट्टा करतेय. खूश होऊन त्यांनी पुढचं नाव वाचलं.

"बोदवड."

या वेळी हुंकारा आला नाही. कामिनीच्या अगदी कानाशी, धापा टाकत, कुणीतरी विचारलं...

"शिवपूर हेच का वं?"

खरं सांगायला हवं होतं. नाही अक्का, मी पानं उलटली, तुम्ही भलत्याच वाटेला लागलात. एवढंच म्हणायचं होतं. पण भीतीनं माणसाच्या तोंडून आधी खोटंच निघतं.

"हो अक्का. हेच."

"हूं..."

लांबलचक. लांबून चालून आलेली बाई ओट्यावर टेकते, तसा. त्यानंतर आबांनी पुढची सगळी गावं वाचली. एकालाही हुंकारा आला नाही.

दोन रात्री कामिनीचा डोळा लागला नाही. तिला सगळं उमगलं होतं आणि ते कुणाला सांगायची सोय नव्हती. पुस्तकातली वाट सुटलेली आंधळी बाई, कुणी गावांची नावं घेतंय असं वाटलं की त्या आवाजामागं चालायला लागत होती. आणि आता शिवपूर समजून बोदवडला बसली होती. रडताना कामिनीला वाटलं, जन्मदात्या आईला बाजारात सोडून आले असते तरी एवढं लागलं नसतं.

सतरा जूनला घरी काहीतरी थाप मारून ती बोदवडला गेली.

स्टेशनवर दुपारची सामसूम. एक कुल्फीवाला, तीन-चार उतारू. फलाटाच्या टोकाला बाक होता. तिथं बसून तिनं पुस्तक उघडलं. पण आधी बोलली.

"अक्का, मी तुम्हाला फसवलं. दोनदा. हे शिवपूर नाही, बोदवड आहे. नऊ पानं राहिलीत. चला माझ्यासंगं."

वाचायला लागली. पहिलं पान झालं. काही नाही. दुसरं अर्धं झालं...

"हूं..."

कामिनीला अक्षरं दिसेनाशी झाली. पदरानं डोळे पुसून ती वाचत राहिली. धर्मशाळेचा ओटा. हूं. विहीर. हूं. विहिरीवरचा शिलालेख. हूं. बाकाच्या एका बाजूला ओल्या मातीचा वास यायला लागला. चौथं पान. पाचवं. कामिनीनं घाई केली नाही, एक अक्षर सोडलं नाही. सातवं पान उलटलं. आता दोनच...

आणि फलाटावरचा भोंगा बोलायला लागला.

गाडी येत होती, बडनेऱ्याकडं जाणारी. भोंग्यातली बाई ठणठणीत आवाजात एकेक नाव घेत होती.

"मलकापूर..."

कामिनीनं आवाज चढवला. भोंग्यापुढं तिचा आवाज तो काय!

"हूं..."

हा हुंकारा कामिनीसाठी नव्हता. तो बाकापासून चार हात लांबून आला होता.

"नांदुरा... शेगाव..."

"हूं... हूं..." आणखी लांब. फलाटाच्या कडेला.

"अक्का! ती आपली वाट नाही!"

पुस्तक टाकून ती धावली. उतारू वळून बघायला लागले. गाडी आली, मिनिटभर थांबली. कामिनी एकेका डब्याच्या दाराशी जाऊन हाका मारत होती. कुल्फीवाल्यानं विचारलं, "काय झालं ताई, कोन ऱ्हायलं?" ती तशीच पुढच्या डब्याकडं पळाली. गाडी हलली. मागच्या डब्यातून एक बारीक खाकरा आल्यासारखा वाटला, आणि गाडी गेली.

काशीची गाडी भुसावळहून खंडव्याकडं वळते. ही नागपूरकडं गेली होती.

कामिनी परत बाकाशी आली. पुस्तक पालथं पडलं होतं. राहिलेली दोन पानं तिनं तिथंच बसून मोठ्यानं वाचली. शेवटपर्यंत कुणीच हुंकारा दिला नाही.

त्याला आता वर्ष झालं. चौथं पुस्तक वाचनालयात आहे, कामिनी ते कुणाला देत नाही. ती रेल्वेनं जात नाही. भुसावळचं काम असलं तरी बसनंच जाते, आणि स्टेशनजवळ आली की कानात बोटं घालते. तोताराम आबांना ती एवढंच म्हणाली की पेपर मनात वाचा. आबा रागावले, पण ऐकलं त्यांनी.

अक्का आता कुठल्या गावाला आहेत, कुणाच्या आवाजामागं चालल्यात, कुणालाच माहीत नाही. म्हणून हे लिहिलं. कुठल्या फलाटावर, कुठल्या बसस्टँडवर तुम्ही गावांची नावं वाचत असाल, आणि मागून कुणी दमलेल्या आवाजात विचारलं की शिवपूर हेच का वं...

घाबरा खुशाल. पण नाही म्हणा.