विजययात्रेतली रिकामी जागा

पटलं तर घ्या, नाही पटलं तर सोडून द्या. पण खोटं म्हणू नका.

ज्याच्या बाबतीत हे घडलं तो माझा सख्खा मामा. त्याला थाप मारताच यायची नाही. मारायला गेला की आधी कान लाल व्हायचे. हे सगळं त्याने माझ्या आईला फोनवर तुकड्यातुकड्याने सांगितलं. उरलेलं मी स्वतः पाहिलं.

आणि हो, अमावास्या, वादळ, गेलेली वीज असलं काही मिळणार नाही. सुरुवात झाली ती मार्चमधल्या एका मंगळवारी, भर दुपारी, संग्रहालयाच्या मागच्या दालनात. पंखा फिरत होता. बाहेर रस्त्यावर हॉर्न वाजत होते.

मामा मॉडेल दुरुस्त करायचा. बिल्डरांच्या इमारती, जुनी जहाजं, रेल्वेचे छोटे पूल, असलं काहीही. मामी गेल्यावर त्याने काम जवळजवळ सोडलंच होतं. मूलबाळ नव्हतं. घरात चहाचे दोन कप होते, त्यातला एक पालथाच असायचा.

मामी वारली ती हॉस्पिटलमध्ये. शेवटचे सगळे दिवस मामा तिच्या उशाशी बसून होता. फक्त एकदा, पाच मिनिटांसाठी, खाली चहा प्यायला गेला.

नेमकी तेव्हाच ती गेली.

हे मामा कुणाशी बोलायचा नाही. पण ते त्याला आतून खात होतं, हे आम्हाला सगळ्यांना माहीत होतं.

तर, संग्रहालयाच्या बाईंनी त्याला बोलावलं. दालन पुन्हा उघडायचं होतं. तिथे भिंतीएवढ्या काचेच्या पेटीत एक अख्खं शहर होतं. बोटभर उंचीची माणसं. कुठल्याशा सम्राटाने शेवटचं शहर जिंकलंय आणि तो राजधानीत परततोय, असा देखावा. पुढे रथ, मागे सैन्य, सैन्याच्या मागे साखळदंडातले कैदी. पाटीवर एवढंच लिहिलेलं, ‘साम्राज्याची विजययात्रा’.

"कुठलं साम्राज्य हे?" मामाने विचारलं.

"ते कुणालाच माहीत नाही हो," बाई म्हणाल्या. "इतिहासातलं आहे की करणाऱ्याने एखाद्या कादंबरीतून उचललंय, कोण जाणे."

"काय फरक पडतो? एक जण रथात, बाकीचे पायी. सगळीकडे तेच."

कैद्यांच्या रांगेत एक जागा रिकामी होती. जमिनीत पायांची दोन भोकं, आणि बाजूला पडलेली उघडी, तुटल्यासारखी कडी.

"एवढी जागा भरून टाका," बाई म्हणाल्या. "रिकामी बरी दिसत नाही."

मामा ब्रश घेऊन धूळ झाडायला लागला, तेव्हा त्याच्या लक्षात एक गोष्ट आली. सैनिक सगळे एकाच साच्यातले होते. तेच नाक, तोच पुढे टाकलेला पाय. रथातला सम्राटसुद्धा त्यातलाच, फक्त सोनेरी रंग दिलेला.

कैदी मात्र हाताने घडवलेले. प्रत्येकाचा चेहरा वेगळा. एका म्हाताऱ्याचा कान लोंबलेला. एक बाई डोक्यावरच्या फडक्याचं टोक दातात धरून चाललेली. एक जण मागे वळून बघतोय.

"सेनापती, हे बघितलंत का?" मामाने वॉचमनला हाक मारली. मिशांमुळे सगळे त्याला सेनापतीच म्हणायचे. "जिंकलेल्यांना मिळून एकच तोंड. हरलेल्यांना मात्र ज्याचं त्याला."

"मला सगळी सारखीच दिसतात," सेनापती जांभई देत म्हणाला. "चष्मा बदलायला झालाय."

"ही जागा केव्हापासून रिकामी आहे?"

"मी लागलो त्याच वर्षी झाली. तुमच्या आधी एक कारागीर आला होता. काम अर्ध्यावर टाकून गेला. निरोपसुद्धा दिला नाही बेट्याने."

मामाने घरी जेवणाच्या टेबलावर माती मळली. कुणाचा चेहरा करायचा, असा काही विचार केला नव्हता. रेडिओ चालू होता, बोटं चालत होती. बाईमाणूस झालं, एवढंच त्याने बघितलं. वाळवलं, रंगवलं, डब्यात कापूस घालून ठेवलं.

त्या मंगळवारी त्याने ती मूर्ती रिकाम्या जागी बसवली. कडी नंतर लावू म्हणून उघडीच ठेवली. बाहेर पायरीवर बसून डबा खाल्ला. हात धुऊन परत आला…

कडी बंद होती.

आपणच लावली असेल, मामाला वाटलं. वय झालं की असं होतं. त्याने चष्मा पुसला आणि वाकून नीट बघितलं.

मान किंचित डावीकडे. हनुवटी वर. दारात पावलं वाजली की कान द्यायची सवय होती ना तिला, अगदी तशी.

मामी होती ती.

तुम्हाला वाटेल तो घाबरला असेल. छे! मामाला आनंद झाला. किती दिवसांनी कुणीतरी भेटलं. दुसऱ्या दिवशी तो सेनापतीच्याही आधी दारात हजर. दुपारचा डबा काचेसमोर स्टूल ओढून खायला लागला. भाजीत मीठ जास्त पडलंय, वरच्या मजल्यावरचे लोक घर सोडून गेले, गुडघा दुखतोय… सगळं तिला सांगायचा.

"कुणाशी बोलता हो?" सेनापतीने विचारलं.

"बायकोशी."

"नशीबवान आहात. माझी ऐकूनच घेत नाही."

मग आवाज यायला लागला.

दुपारी सेनापती डुलक्या काढत असायचा. दालनात मामा एकटाच. आणि काचेच्या आतून…

किण्ण.

एकदम बारीक. साखळीची एक कडी दुसरीवर घासावी तसा. मामा हात थांबवायचा. आवाजही थांबायचा.

त्याने पंखा बंद करून बघितला.

किण्ण… किण्ण.

आणि मग एका सकाळी त्याने पेटीत बघितलं. मूर्ती त्याने कारंज्यासमोर बसवली होती. स्वतःच्या हाताने. आता ती कारंज्याच्या पुढे होती. म्हातारा पुढे होता, फडकंवाली पुढे होती. अख्खी रांग पुढे होती.

जमिनीत भोकं मात्र त्यांच्याच पायाखाली. जणू पहिल्यापासून तिथेच होती.

"सेनापती, रात्री पेटी कुणी उघडली?"

"किल्ली तुमच्याकडे आणि विचारता मला?"

ही मंडळी निघालीत कुठे, हे मामाने तेव्हा पहिल्यांदा नीट बघितलं. रस्त्याच्या शेवटी पायऱ्या होत्या. पायऱ्यांवर चौथरा. चौथऱ्यावर एक माणूस, तलवार उगारलेला. मामाला तो कुठलातरी मानाचा पहारेकरी वाटला होता. चौथरा काळा पडला होता. मामाने कापूस ओला करून हलकेच फिरवला…

कापूस लाल झाला.

विजययात्रा संपते कुठे, ते त्याला कळलं. आणि आपण काय करून बसलो, तेही. जिला डोळ्यांत तेल घालून जपलं, तिला त्याने स्वतःच्या हाताने बेड्या घातल्या होत्या. रांगेत उभं केलं होतं.

ती पुन्हा एकदा मरणार होती. पुन्हा एकटी.

मामाने भिंग लावलं. पहिल्या दिवशी जी कडी तुटलेली वाटली होती, तिच्या कडेवर बारीक रेघा होत्या. सांधल्याची खूणही होती. ती तुटली नव्हती. कुणीतरी कानशीने घासून कापली होती. मामाच्या आधीचा कारागीर. त्यानेही आपलं कुणीतरी सोडवून नेलं असणार.

मामाने आपली सुईएवढी कानस काढली. कडी कापली. मूर्ती अलगद उचलली, रुमालात गुंडाळली आणि तडक घरी आला. टेबलावर ठेवली. इतके महिने पालथा असलेला कप सुलटा केला.

आणि चहा ठेवायला आत गेला.

दोन्ही कप घेऊन बाहेर आला…

टेबल रिकामं.

नुसता रुमाल. त्याची घडीसुद्धा नीट घातलेली, जशी मामी घालायची.

दुसऱ्या दिवशी ती रांगेत होती. कडी बंद, कापल्याची खूणही नाही. आणि आता ती रांगेत सगळ्यात पुढे होती. जणू पळाल्याची शिक्षा.

त्या दिवशी त्याने आईला फोन केला. आई स्वयंपाक करत होती, फोन स्पीकरवर होता, म्हणून हे मी स्वतः ऐकलं.

"ताई, पुन्हा चहाच नडला गं."

"काय बोलतोयस तू? नीट सांग."

त्याने सांगितलं. आई रडायला लागली. "अरे, तू आमच्याकडे ये राहायला. एकटं राहून डोक्यात नाही नाही ते येतं."

"येतो. हे एक काम उरकू दे." मग म्हणाला, "या वेळी मी जागचा हलणार नाही."

त्याने आणखी एक मूर्ती केली. स्वतःची. टक्कल, वाकलेले खांदे, सगळं हुबेहूब. मामीच्या शेजारी जागा नव्हती, तर त्याने नवी दोन भोकं पाडली. स्वतःची कडी स्वतःच वाकवून लावली.

सेनापती बघत होता. "एक कैदी जास्त झाला की हो."

"कोण मोजतंय?"

"आणि मूठ कशाला आवळलीय त्याने? रागावलाय?"

"हातात काहीतरी आहे त्याच्या," मामा म्हणाला आणि हसला. सेनापती मला नंतर म्हणाला, त्या माणसाला हसताना मी तेव्हा पहिल्यांदा बघितलं.

उद्‌घाटनाला मामा आला नाही. आई आणि मी संग्रहालयाच्या दारात वाट बघत होतो. फोन उचलेना. शेवटी आई म्हणाली, "चल त्याच्या घरी, माझा जीव थाऱ्यावर नाही."

मामा खुर्चीत बसलेला होता. इस्त्रीचा शर्ट, पायात बूट. कुठेतरी निघायच्या तयारीत. डॉक्टर म्हणाले, हार्ट. झोपेत गेल्यासारखे गेले.

उजवी मूठ घट्ट आवळलेली होती. आईने बोटं सोडवली. आत लोखंडाचा बारीक भुगा होता. टेबलावर त्याची हत्यारं ओळीने मांडलेली. कानशीचं टोक मोडलेलं होतं. आम्ही घरभर शोधलं, तो तुकडा काही सापडला नाही.

दहनानंतर मी एकटाच संग्रहालयात गेलो. सेनापती मला आत घेऊन गेला.

चौथऱ्यावरच्या माणसाचा हात खाली आला होता.

इतकी वर्षं उगारलेली तलवार… खाली.

मला बघवेना. पण बघितलं. पायऱ्यांशी नुसती चार भोकं होती आणि दोन कड्या पडल्या होत्या. मी भिंग मागून घेतलं. दोन्ही कड्यांवर कानशीच्या रेघा होत्या.

आधी तलवार खाली आली की आधी कड्या कापल्या गेल्या? मी आजही ठरवू शकलेलो नाही. आईने मात्र ठरवलंय. ती म्हणते, सुटले दोघं. तिच्याकडे आता कपाटात ते दोन कप आहेत, दोन्ही सुलटे.

इथेच संपलं असतं तर मी हे लिहायला बसलो नसतो.

पुढच्या आठवड्यात सेनापतीचा फोन आला. "लोंबत्या कानाचा म्हातारा दिसत नाहीये."

मग फडकंवाली. मग मागे वळून बघणारा. पेटीला कुलूप होतं. कड्या तेवढ्या जमिनीवर. बाईंनी चोरीची तक्रार केली. पोलीस आले, बघून गेले. कैदी कमी होतच राहिले. कुणीतरी एक कानस हातोहात मागे पाठवत होतं, एवढंच मला वाटतं. मला तेव्हा बरं वाटलं. खरंच सांगतो, मामाचा अभिमान वाटला.

परवा मी पुन्हा गेलो. सेनापती आता तिथे नाही, नोकरी सोडून गेला. दालनात चिटपाखरू नव्हतं.

कैद्यांच्या रांगेत एकही जण उरला नव्हता. पुढे सम्राट, मागे सैन्य आणि त्यांच्या मागे नुसत्या रिकाम्या कड्या. एवढं मोठं साम्राज्य, एवढा मोठा विजय आणि ज्यांच्यावर मिळवला ते कुणीच नाहीत. मला हसू आलं.

तेवढ्यात काचेच्या आतून आवाज आला…

किण्ण.

मी वाकून बघितलं. कड्या सगळ्या उघड्या होत्या. नीट, ओळीने मांडलेल्या. सैनिकांच्या माना मला चांगल्या आठवतात, सगळ्या सरळ, रथाच्या दिशेने.

आता त्या वळल्या होत्या. सम्राटाचीसुद्धा. तीच नाकं, तेच डोळे, सगळे काचेकडे बघत होते.

आणि काचेसमोर मी एकटाच उभा होतो.