खाली तिचंच नाव

नागपूरच्या सदर भागातल्या ज्यूसवाल्यापाशी बातमीदार रुचिकाने समोर दिसला त्यालाच गाठलं. त्याचं नाव संघपाल. जगभर चालणारी एक सोशल मीडिया कंपनी कुणा अब्जाधीशाने विकत घेतली होती आणि रुचिकाच्या पेपरला नागपूरकरांचं मत हवं होतं.

"त्यानं कंपनी घेतली, आमची तोंडं नाही घेतली," ग्लास खाली ठेवत तो म्हणाला. "आल्याआल्या अर्धे लोक काढले... माझा भाऊ अश्विन, तोबी त्यातच. लिहा!"

त्याने डोळे असे रोखले की तिचं पेन क्षणभर अडलंच. फोटोसाठी तो हसला. तिने गरज नसताना दुसरा काढला.

दुसऱ्या दिवशी पहिल्या पानावर त्या अब्जाधीश शेठचं कौतुकच कौतुक. खाली संघपालचा हसरा फोटो आणि ओळ : 'धडाडीच्या मालकाचं स्वागत!' संपादक मधुसूदनरावांनी ती परस्पर बदलली होती.

दुपारी संघपाल ऑफिसात हजर. "मी हे बोललो होतो? अश्विन माझ्याशी बोलून नाही राहिला, मॅडम. काहून केलं असं?"

'मी नाही केलं' हे वाक्य रुचिकाने गिळलं. बातमीवर नाव तिचंच होतं ना!

"उद्या दुरुस्त करते," ती म्हणाली.

चूकदुरुस्ती छापायची ती चौथ्या पानाच्या कोपऱ्यात, भिंग लावून वाचावी अशी, ही पेपरची जुनी रीत. "पहिल्या पानावर टाकली तर परत येऊ नका," मधुसूदनरावांनी बजावलं. रुचिका इतकी संतापली की घाबरायचं राहूनच गेलं. पान तीच लावायची. तीच जागा, तोच फोटो, त्याचे खरे शब्द, आणि खाली : 'काल आम्ही खोटं छापलं. — रुचिका.'

सकाळी टेबल रिकामं करून ती जिना उतरली, तर खाली संघपाल पेपर घेऊन उभा.

"अश्विननं सोताहून चहा आणून देल्ला मले." मग त्याची नजर तिच्या हातातल्या पिशवीवर गेली. "नोकरी...?"

"गेली."

"मंग आता माझं मत कोण घेईन?"

"बोला की. वही आहे."

"लिहा — मले रुचिका आवडते. एक शब्द बदलवायचा नाही."

पेन पुन्हा अडलं. कानशिलं तापली. "दुसऱ्या बाजूची प्रतिक्रिया घ्यावी लागते..."

"मंग घ्या ना!"

तिने लिहिलं, 'मलेही संघपाल आवडतो.' खाली पूर्ण नाव घातलं आणि वही त्याच्या हातात दिली.

"नीट वाच गा," ती त्याच्याच बोलीत म्हणाली. "हे बदलवायची आता कोणाच्या बापाची हिंमत नाही."