सही राहिलेलं कार्ड

एखादी स्पर्धा बंद पडून वीस वर्षं झाली, की लोकांना तिचा इतिहास लिहून घ्यायची हुक्की येते. आमच्या गोल्फ क्लबच्या सेक्रेटरींनाही आली. "तुमच्याइतकं कुणाला माहीत असणार?" ते म्हणाले. खोटं नव्हतं. व्यावसायिक खेळाडूंची ती स्पर्धा चौदा वर्षं चालली, आणि चौदाही वर्षं कार्डं जमा करायच्या टेबलावर मीच होतो. एरवी मी शाळेत गणिताचा मास्तर. उत्तर जुळलं नाही तर पाटी पुसून पुन्हा मांडायचं, हा माझा स्वभाव.

सोमवारपासून मी ऑफिसमागच्या खोलीत बसू लागलो. एक लोखंडी कपाट, डुगडुगणारं टेबल, कागदांचा कोंदट वास. क्लार्कबाई दहाला कपाटाची किल्ली द्यायच्या आणि पाचला मागून घ्यायच्या. खिडकीतून उरलेलं मैदान दिसायचं. अठरापैकी नऊच होल्स आता शिल्लक होती, बाकीच्या नऊंवरून सहा वर्षांपूर्वी हमरस्ता गेला.

गोल्फमध्ये खेळाडू आपले फटके आपल्या कार्डावर लिहीत नाही, त्याचा जोडीदार लिहितो. शेवटी खेळाडू ते आकडे तपासतो, खाली सही करतो आणि कार्ड तंबूत टेबलावर देतो. मी कोपऱ्यात वेळ आणि माझी आद्याक्षरं टाकायचो. खेळाडू तंबूबाहेर पडला की विषय संपला. सही नसेल तर तो बाद. म्हणून मी प्रत्येकाला म्हणायचो, "सही बघून घ्या." असं म्हणायचं नियमात नव्हतं. पण सगळे त्यावर विसंबून असत.

चौदाव्या वर्षी एका फटक्याने पहिला आला तो माझा सख्खा दादा. आणि तोच बाद झाला. कार्डावर सही नव्हती. मग वाद, वर्तमानपत्रांत चिखलफेक; प्रायोजकांनी अंग काढून घेतलं आणि स्पर्धा गेली. दादाने पुन्हा कधी स्टिक हातात धरली नाही. आठ वर्षांपूर्वी तो वारला. इतिहासात मी लिहिलं, 'नजरचुकीने सही राहून गेली.' एवढं एक वाक्य लिहायला मला सकाळचे दोन तास लागले.

गुरुवारी दर वर्षाच्या कार्डांचा एक, असे चौदा गठ्ठे लावताना पंधरावा निघाला. पातळ होता, दोऱ्याने बांधलेला. आत एकोणीस कार्डं. स्पर्धा बंद झाल्यानंतरच्या दर वर्षाचं एक, तारीख स्पर्धेच्या नेहमीच्या शेवटच्या दिवसाची, त्या रविवारची. यंदाचा तो रविवार अजून तीन दिवसांवर होता. खेळाडू एकच. दादा.

"ही कुणी ठेवली इथे?" मी क्लार्कबाईंना विचारलं.

"त्या कपाटाला कोण हात लावतंय? दहा वर्षांत तुम्हीच पहिले," त्या म्हणाल्या. "का हो, काही गहाळ आहे का?"

"नाही. जास्त आहे."

कुणीतरी खोडी काढली असेल, असं धरून मी ती तपासायला घेतली. फटके दर वर्षी थोडे थोडे वाढत गेले होते. माणूस म्हातारा होतो तसे. तो वारल्यानंतरच्या कार्डांतही वाढतच होते. रस्ता झाल्यानंतरच्या कार्डांवरही अठरा होल्सचे आकडे होते. कोपऱ्यात वेळ होती, चार वाजून दहा मिनिटं. खाली माझी आद्याक्षरं. मी चौदाव्या वर्षाचं कार्ड शेजारी ठेवून भिंगातून पाहिलं. अक्षर माझंच होतं.

खेळाडूच्या सहीची जागा एकोणीसही कार्डांवर कोरी होती.

आता सांगून टाकतो. त्या दिवशी मला ती कोरी जागा दिसली होती. सकाळीच दादा चारचौघांत म्हणाला होता, "ए पेन्सिल, नीट लिही रे. खेळणं काही तुझ्या नशिबात नाही, लिहिणं तरी जमव." सगळे खो खो हसले. तो नेहमीच असं बोलायचा, त्याच्या मनात काही नसायचं. पण ते माझ्या डोक्यात बसलं. दुपारी त्याने कार्ड पुढे केलं आणि क्षणभर थांबला. मी म्हणेन म्हणून थांबला. मी वेळ लिहिली, आद्याक्षरं टाकली आणि म्हटलं, "पुढचे कोण?"

इतक्याशा गोष्टीवरून मी माझ्या भावाचा खेळ संपवला.

तो विचारायला आला तेव्हा मी सांगितलं, दिसलं नाही. त्याने विश्वास ठेवला. ते मला सगळ्यात जास्त छळतं.

रविवारी दुपारी मी वहिनींकडे गेलो. त्या एकट्याच राहतात. बाहेर रणरणतं ऊन होतं, घरात पंखा कुरकुरत होता. मी कार्डांचं काही बोललो नाही. तेवढं एकच सांगायचं होतं.

"वहिनी, त्या दिवशी सही नाही हे मला दिसलं होतं. मुद्दाम गप्प बसलो."

त्या रडतील, घराबाहेर काढतील, असं वाटलं होतं. त्या हातातल्या चष्म्याची काडी उघडत-मिटत राहिल्या.

"मला वाटलंच होतं," त्या हळूच म्हणाल्या. "पण हे दर वर्षी विचारतात ना. मी म्हणते, अहो, भावोजींना दिसलं नसेल. मग बरं वाटतं त्यांना."

"कोण विचारतं, वहिनी?"

त्यांनी घड्याळाकडे पाहिलं. साडेचार होत आले होते.

"इतकी वर्षं निभावलं. आता खोटं कसं बोलू, भावोजी? तुम्हीच सांगा त्यांना."

त्या उठल्या, एक जुनं वर्तमानपत्र घेऊन दाराशी गेल्या आणि उंबऱ्याच्या आत नीट पसरलं.

"बुटांना फार माती असते," त्या म्हणाल्या, आणि दाराची कडी काढून ठेवली.